सातबारा, वारस नोंद आणि वसियत : वडिलांच्या जमिनीचा हिस्सा कागदावर कसा येतो, कसा जातो

गेल्या वर्षी, म्हणजे २०२५ च्या एप्रिलपासून, सरकारने राज्यभर 'जिवंत सातबारा' मोहीम घेतली. मयत खातेदारांची नावं कमी करून वारसांची नावं लावण्याची ही मोहीम. गावोगावी तलाठ्याकडे गर्दी झाली. (कागदोपत्री आता 'ग्राम महसूल अधिकारी', पण गावात अजून तलाठीच.) आमच्या शाळेतले दोन पालक त्या काळात माझ्याकडे अर्ज लिहून घ्यायला आले. दोघांच्याही वारसांच्या यादीत फक्त भाऊ होते. बहिणींची नावं विचारली तर एकाने सांगितलं, "सर, त्यांची लग्नं झाली ना." दुसऱ्याने सांगितलं, "अब्बांनी वसियत करून ठेवलीय, सगळं धाकट्याला."

ही दोन वाक्यं आपल्या समाजातल्या जमिनीच्या निम्म्या भांडणांचं मूळ आहेत, आणि दोन्ही चुकीची आहेत. शरीअतनेही चुकीची आणि कायद्यानेही.

मी वकील नाही. पण आमच्या घरात दादांच्या जमिनीवरून फुफीला पंधरा वर्षं तालुक्याला हेलपाटे घालावे लागले, त्यातले बरेच मी तिच्यासोबत घातले. तेव्हा जे शिकलो आणि नंतर वाचून, वकिलांना विचारून जे पक्कं केलं, ते इथे मांडतो.

सातबारा म्हणजे मालकीचा निकाल नाही

सातबारा म्हणजे गाव नमुना ७ आणि गाव नमुना १२ यांचा एकत्र उतारा. सातमध्ये जमीन कुणाच्या नावे आहे, क्षेत्र किती, 'इतर हक्क' काय, बारामध्ये पीकपाणी. हे नाव बदलतं ते फेरफाराने, आणि फेरफाराची नोंदवही म्हणजे गाव नमुना ६. वारसांसाठी वेगळी वही असते, ६-क. हरकत आली तर प्रकरण जातं ६-अ मध्ये, विवादग्रस्त नोंदींच्या वहीत. खातेदाराची गावातली एकूण जमीन दाखवतो तो ८-अ.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चं कलम १५७ सांगतं की अधिकार अभिलेखातली नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानली जाईल. लोक पहिला भाग वाचतात आणि "उलट सिद्ध होईपर्यंत" हे शब्द सोडून देतात. सर्वोच्च न्यायालयाने अनेक निकालांत सांगितलंय की फेरफार नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि संपतही नाही. ती सारा कुणाकडून घ्यायचा यासाठी आहे. मालकीचा वाद दिवाणी न्यायालयाचा.

म्हणजे बहिणीचं नाव सातबाऱ्यावर नाही, म्हणून तिचा हिस्सा गेला असं होत नाही. माणसाचा इंतकाल झाला त्या क्षणी त्याची मिळकत वारसांची होते, ज्याच्या त्याच्या ठरलेल्या हिश्श्याने. तलाठ्याने नोंद घेवो वा न घेवो.

मग नाव लावायची धावपळ कशाला? कारण व्यवहारात सगळं सातबारा बघून चालतं. पीक कर्ज, नुकसानभरपाई, रस्त्यासाठी भूसंपादनाचा मोबदला, विक्री. ज्याचं नाव आहे तो विकून मोकळा होतो आणि ज्याचं नाही त्याला कोर्टात जाऊन सिद्ध करत बसावं लागतं. हक्क शाबूत राहतो, पण त्याचा पाठलाग करावा लागतो.

जुन्या उताऱ्यातले दोन सापळे

पहिला सापळा 'ए.कु.मॅ.'. एकत्र कुटुंब मॅनेजर म्हणून थोरल्या भावाचं एकट्याचं नाव. ही कल्पना हिंदू एकत्र कुटुंबाची आहे. मुस्लिम कायद्यात एकत्र कुटुंबाची मिळकत अशी चीजच नाही. प्रत्येक वारसाचा हिस्सा वेगळा असतो, जमीन वाटलेली नसली तरी. पण तलाठ्याच्या हाताला जी सवय, तीच आपल्याही उताऱ्यांवर उतरली. दोन पिढ्यांनी थोरल्या भावाची मुलं म्हणतात, "जमीन आमच्या अब्बांचीच होती, उतारा बघा."

दुसरा सापळा 'इतर हक्क'. मुलींची नावं कब्जेदार सदरी न घालता इतर हक्कात टाकायची. माझ्या फुफीचं असंच होतं. तिला वाटत होतं, नाव आहे ना उताऱ्यावर, बस्स. पुढच्या एका फेरफारात ते नावही गेलं, आणि तिला कळलं ते मोबदल्याची नोटीस फक्त काकांच्या नावे आली तेव्हा. म्हणून नुसता आजचा सातबारा बघू नका. त्यावर फेरफारांचे नंबर असतात, ते एकेक काढून मागे मागे जा, जिथे दादांचं किंवा परदादांचं नाव एकटं होतं तिथपर्यंत. जुने फेरफार तहसीलच्या अभिलेख कक्षात मिळतात, बऱ्याच जिल्ह्यांचे ऑनलाइनही आहेत. फुफीचा निम्मा खटला या कागदांनीच उभा केला.

हिस्से कसे पडतात

आधी क्रम लक्षात घ्या. मय्यतच्या मालमत्तेतून पहिला खर्च कफन-दफनचा. मग कर्ज. मग वसियत, मर्यादेतली. उरलं ते वारसांचं. कर्जात बायकोचा न दिलेला महरही येतो, हे आपण सोयीने विसरतो. विधवा आपल्या हिश्श्याच्या आधी महरची धनको आहे.

कृषी जमिनीबद्दल एक गोष्ट. १९३७ च्या शरीअत कायद्याच्या कलम २ मधून शेतजमीन वगळलेली आहे. हे वाचून काही जण म्हणतात की शेतीला शरीअत लागूच नाही, मुलींना हिस्सा नाही. तसं नाही. त्या वगळण्याचा अर्थ एवढाच की शेतीबाबत एखाद्या जमातीची वेगळी रूढी असेल तर ती मांडता येते. आपल्या भागात अशी रूढी आहे असं म्हणणाऱ्याने ती कोर्टात पुराव्यानिशी सिद्ध करायची. "आमच्यात मुलींना देत नाहीत" एवढं बोलून भागत नाही. रूढी सिद्ध झाली नाही तर मुस्लिम कायद्याप्रमाणेच वाटणी.

आता हिशेब. समजा अब्बा १२ एकर ठेवून गेले, म्हणजे ४८० गुंठे. मागे बायको, दोन मुलगे, दोन मुली. अब्बांचे आई-वडील आधीच गेलेले, कर्ज-महर फिटलेलं. औलाद असल्यामुळे बायकोला आठवा हिस्सा, ६० गुंठे. उरले ४२० गुंठे. मुलाला मुलीच्या दुप्पट, म्हणजे सहा भाग. एक भाग ७० गुंठ्यांचा. प्रत्येक मुलाला १४० गुंठे, म्हणजे ३ एकर २० गुंठे; प्रत्येक मुलीला ७० गुंठे, १ एकर ३० गुंठे. अब्बांची आई हयात असती तर तिला सहावा हिस्सा आधी गेला असता. सूरह निसाच्या ११, १२ आणि १७६ या आयतींत हे हिस्से आलेत. कुणी मेहरबानी म्हणून द्यायचे नाहीत.

औलाद नसेल तर चित्र बदलतं आणि तिथेच मोठी भांडणं होतात. बायकोला चौथा हिस्सा, बाकी भावाबहिणींकडे जातं. मुंबई उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या एका खटल्यात ऑक्टोबर २०२५ मध्ये नेमका हाच निकाल लागला. विधवेने पाऊण हिस्सा मागितला होता, न्यायालयाने चौथाच दिला. त्याच खटल्यात मयताने हयातीत केलेल्या साठेखताचा मुद्दा होता. न्यायालय म्हणालं, साठेखताने मालकी जात नाही. खरेदीखत झालेलं नसेल तर ती जमीनही मतरुक्यातच धरायची. आपल्याकडे साठेखत करून वर्षानुवर्षं खरेदीखत न करणारे पुष्कळ आहेत, त्यांनी हे ध्यानात घ्यावं.

आणखी एक कठीण जागा म्हणजे यतीम नातू. बाप दादांच्या आधी गेला आणि दादांचे दुसरे मुलगे हयात असतील, तर त्या नातवंडांना वारसाहक्काने काही मिळत नाही. हिंदू कायद्यात मिळतं, म्हणून कधी तलाठी यादीत घेतो आणि काका हरकत घेतात. काकांची हरकत कायद्याने बरोबर असते. पण दादांच्या हातात उपाय होता, आणि तो म्हणजे वसियत.

वसियत कुठवर चालते

हजरत साद बिन अबी वक्कास यांचा किस्सा आपण सगळ्यांनी ऐकलाय. आजारी असताना त्यांनी दोन तृतीयांश माल खैरात करायची इजाजत मागितली, नाही म्हटल्यावर अर्धा विचारला. शेवटी तिसऱ्या हिश्श्यावर बात थांबली, आणि तोही पुष्कळ आहे असं सांगितलं गेलं. भारतातली न्यायालयं हाच नियम लावतात. कफन-दफन आणि कर्ज वजा करून जे उरतं, त्याच्या एक तृतीयांशापुरतीच वसियत चालते. वरच्या उदाहरणात ४ एकर. त्यापुढची वसियत वारसांनी मान्य केली तरच.

दुसरा नियम, आणि मोडला जातो तो हाच. वारसाच्या नावे वसियत करता येत नाही, अगदी तिसऱ्या हिश्श्याच्या आतही. बाकीच्या वारसांची संमती असेल तरच ती चालते. ही संमती अब्बांच्या मृत्यूनंतरची हवी. हयातीत मुलींचे अंगठे घेऊन ठेवले, त्याचा हनफी कायद्यात उपयोग नाही. संमती देणारा सज्ञान हवा, आणि त्याची संमती त्याच्याच हिश्श्यापुरती. समजा १२ एकर धाकट्याच्या नावे लिहून ठेवलेत आणि नंतर फक्त अम्मीने मान्य केलं. तर धाकट्याला स्वतःचे १४० आणि अम्मीचे ६० असे २०० गुंठे. थोरल्याचे आणि बहिणींचे हिस्से जागच्या जागी. कोकणातले आपले शाफई बांधवही याबाबत हनफींसारखेच. शिया कायद्यात फरक आहे, तिथे तिसऱ्या हिश्श्याच्या आत वारसाला देता येतं.

यतीम नातू मात्र वारस नाही, म्हणूनच त्याच्या नावे वसियत करता येते, ४ एकरपर्यंत, कुणाला न विचारता. वसियतीचा खरा वापर इथे आहे. विधवा सून, सांभाळलेलं पोर, मदरसा, सेवा केलेली भाची. मला राग येतो तो याचाच की ज्यांच्यासाठी हा तिसरा हिस्सा ठेवलाय त्यांच्या नावे कुणी लिहीत नाही, आणि ज्या मुलाला मिळणारच आहे त्याच्या नावे कागद तयार होतो.

वसियत खरी की बनावट

मुस्लिम माणसाची वसियत तोंडीही चालते. लेखी असेल तर दोन साक्षीदारांच्या सह्या, स्टँप पेपर, नोंदणी, प्रोबेट यांपैकी काहीच सक्तीचं नाही. ही सवलत आहे, आणि हाच धोकाही. कोऱ्या कागदावरचा अंगठा दाखवून कुणीही उभा राहतो. पण ज्याला वसियतीचा फायदा, त्यानेच ती सिद्ध करायची. संशय येण्यासारखं काही असेल तर तो दूर करायची जबाबदारीही त्याचीच.

कोर्ट काय बघतं? अब्बा नेहमी उर्दूत सही करायचे, मग इथे अंगठा का? लिहिली त्या दिवशी ते दवाखान्यात शुद्धीवर होते का? ज्याला जमीन मिळाली तोच लिहून घ्यायला बसला होता का? मृत्यूनंतर लगेच न दाखवता सहा वर्षांनी का निघाली? वाचता न येणाऱ्याला मजकूर वाचून, त्याच्या भाषेत समजावून दिला होता का? नोंदणी केलेली वसियत असली तरी हे प्रश्न सुटत नाहीत, आणि नोंदणीने तिसऱ्या हिश्श्याची मर्यादा तर मुळीच ओलांडता येत नाही. "रजिस्टर आहे" म्हटलं की घरच्या बायका गप्प बसतात, म्हणून हे मुद्दाम लिहितोय.

आपण स्वतः वसियत करणार असाल तर मात्र लेखीच करा. वारस नसलेले दोन साक्षीदार घ्या आणि दुय्यम निबंधकाकडे नोंदवा.

वसियत अडली की हिबा येतो

माणूस हयातीत आपली सगळी जमीन कुणालाही हिबा करू शकतो, एका मुलालाही. मुस्लिम कायद्यात मुलांना जन्माने हक्क नसतो, त्यामुळे "वडिलोपार्जित आहे, अब्बांना देता येत नाही" ही हरकत आपल्यात चालत नाही. (औलादीत बेइन्साफी करू नये ही दीनची ताकीद वेगळी. ती कोर्टात वाचून दाखवता येत नाही, पण अब्बांना घरात दाखवता येते.)

पण हिब्याला तीन गोष्टी लागतात : देतो असं जाहीर करणं, घेणाऱ्याने स्वीकारणं, आणि कब्जा देणं. तोंडी हिबाही चालतो. भांडण बहुतेक कब्ज्यावर होतं. अब्बा मरेपर्यंत स्वतः जमीन कसत होते, सारा त्यांच्याच नावाने भरत होते, सोसायटीचं कर्जही त्यांच्याच नावे, आणि गेल्यावर हिबानामा निघाला, तर कब्जा दिला कुठे? आणि मर्ज-उल-मौतमध्ये, म्हणजे ज्या आजारात मृत्यू आला त्या आजारात मृत्यूच्या भीतीने दिलेला हिबा, वसियतीसारखाच मोजला जातो. मग तिथेही तिसरा हिस्सा आणि वारसांच्या संमतीचा नियम आला.

हक्कसोड आणि अज्ञान वारस

वडील हयात असताना मुलीकडून लिहून घेतलेलं हक्कसोडपत्र सहसा टिकत नाही, कारण जो हक्क अजून आलाच नाही तो सोडणार काय? एक अपवाद आहे. त्या बदल्यात तिने रक्कम घेतली असेल आणि बाकीच्यांनी तिच्या शब्दावर भरवसा ठेवून व्यवहार केले असतील, तर कोर्ट तिला नंतर हिस्सा मागण्यापासून रोखू शकतं. सर्वोच्च न्यायालयाचे असे निकाल आहेत. म्हणून "लग्नात खर्च केला, सही कर" म्हटल्यावर काय लिहिलंय ते वाचा. मृत्यूनंतरचं हक्कसोडपत्र चालतं, पण जमिनीसाठी ते नोंदणीकृतच लागतं. तलाठ्यापुढे दिलेला जबाब किंवा शंभराच्या स्टँपवरची नोटरी म्हणजे हक्कसोड नव्हे.

अज्ञान मुलांच्या नावापुढे उताऱ्यावर 'अ.पा.क. आई' असं असतं. त्यामुळे आई मुलांचा हिस्सा विकू शकते असं गावात समजतात. मुस्लिम कायद्यात मुलांच्या मिळकतीची पालक आई नसते, थोरला भाऊ नसतो, काकाही नसतो. बाप, त्याने नेमलेला, दादा किंवा त्यांनी नेमलेला, नाहीतर कोर्टाने नेमलेला. बाकी कुणी विकली तर मुलांच्या हिश्श्यापुरती विक्री रद्दबातल. घेणाऱ्यांनीही हे बघूनच घ्यावं.

नोंदीच्या वेळी काय करायचं

मृत्यूनंतर तीन महिन्यांत वारसांनी तलाठ्याला कळवायचं असतं. उशीर झाला तरी नोंद होते. मृत्यू दाखला, सगळ्या वारसांच्या नावांचं प्रतिज्ञापत्र, उतारे जोडून अर्ज. ई-हक्क प्रणालीवर ऑनलाइनही. अर्जात बायको, मुली, हयात असल्यास आई, सगळ्यांची नावं लिहा आणि कब्जेदार सदरी लावा असं स्पष्ट लिहा. हिश्श्याचा अपूर्णांकही लिहा, नाहीतर पुढे सगळे समान धरले जातात आणि त्यातून नवा वाद.

नोंद धरल्यावर हितसंबंधितांना नोटीस निघते. हरकतीसाठी साधारण १५ दिवस. हरकत लेखीच द्या आणि पोच घ्या. तोंडी सांगितलेलं कुणी लिहून घेत नाही, हे फुफीच्या बाबतीत मी स्वतः पाहिलं. हरकत आली की नोंद विवादग्रस्त होते आणि सुनावणी लागते. निकाल विरुद्ध गेला तर प्रांताकडे अपील, ६० दिवसांत. उशीर झाल्यास कारण देऊन माफीचा अर्ज. पण वसियत खरी की खोटी हे महसूल अधिकारी ठरवू शकत नाही. तिथे वर्षं घालवू नका. दिवाणी न्यायालयात वाटणीचा आणि कब्जाचा दावा लावा, सोबत जमीन विकू नये म्हणून मनाई अर्ज. वारस कोण याबद्दलच वाद असेल तर १८२७ च्या रेग्युलेशनखाली दिवाणी न्यायालयातून वारस दाखलाही मिळतो.

जमिनीच्या चौकशीत ती इनाम निघाली तर थांबा. मराठवाड्यात मशीद-दर्ग्याच्या खिदमतीसाठी दिलेल्या जमिनी बऱ्याच आहेत. खिदमतमाश जमीन वक्फची, वारसांत वाटायची नाही.

मुदतीबद्दल. एक भाऊ जमीन कसतो तो कायद्याच्या नजरेत सगळ्या वारसांच्या वतीने कसतो. तो वीस वर्षं कसत होता एवढ्याने बहिणीचा हक्क जात नाही. पण ज्या दिवशी त्याने उघडपणे "तुझा काही हिस्सा नाही" असं सांगितलं आणि तिला बाहेर ठेवलं, त्या दिवसापासून बारा वर्षांचं घड्याळ चालू होतं. फुफीचं अकरावं वर्ष चालू होतं.

दाव्याच्या खर्चाची भीती तिलाही होती. पण महाराष्ट्रात १९९४ पासून मालमत्तेच्या वादात स्त्रियांना कोर्ट फी माफ आहे, आणि तालुका विधी सेवा समितीकडून कोणत्याही स्त्रीला, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. अर्ज एका पानाचा असतो. ओळखीचा पुरावा, सातबारा आणि मृत्यू दाखला घेऊन तालुका कोर्टात गेलं की तिथेच भरून घेतात.